साइटवर काम अडलंय: पोलीस बंदोबस्त कधी मिळतो, कसा मागायचा

नमस्कार. तुमचा प्रश्न दोनदा वाचला. मला तो नीट समजलाय का, हे तुम्हाला कळावं म्हणून आधी थोडक्यात मांडतो. पुण्याजवळ तुमची सात मजल्यांची इमारत चालू आहे. सेंटरिंग आणि सळईचं काम एका लेबर ठेकेदाराकडे आहे, त्याची साठेक माणसं साइटवर राहतात. ठेकेदार दोन आठवडे फोन उचलत नाही. हिशोब थकला म्हणून माणसांनी काम थांबवलं. त्यानंतर गेटवर एका संघटनेचा फलक लागला, बाहेरची दहा-बारा पोरं रोज येऊन बसू लागली, आणि मंगळवारी पाचव्या स्लॅबसाठी आलेले काँक्रीटचे दोन मिक्सर त्यांनी अडवले. माल वाया गेला. पोलीस ठाण्यात 'हा तुमचा पैशाचा आपसातला मामला आहे, लेबर ऑफिसला जा' असं सांगितलं. तुम्हाला विचारायचंय की संरक्षण कसं मिळेल, हायकोर्टात जावं का आणि खर्च कोणी करायचा.

मी बावीस वर्षं कामगार कायद्याची वकिली करतोय. बिल्डरांच्या वतीने उभा राहिलोय, कामगारांच्या वतीनेही. तुमच्यासारखं प्रकरण साधारण दर पावसाळ्याआधी एक तरी येतं, कारण तेव्हा स्लॅबची घाई असते आणि ठेकेदाराचे पैसे तेव्हाच अडकलेले असतात.

माझ्या मते तुमच्या गेटवर दोन वाद आहेत आणि तुम्ही ते एकाच अर्जात कालवलेत. एक वाद साठ माणसांच्या मजुरीचा. दुसरा, मिक्सर अडवणाऱ्या बाहेरच्या पोरांचा. पहिल्यात पोलिसांना पडता येत नाही. दुसऱ्यात त्यांना अंग काढून घेता येत नाही. पण दोन्ही एकाच कागदावर आले की ठाणेदाराला आधी मजुरीच दिसते आणि तो तुम्हाला लेबर ऑफिसचा रस्ता दाखवतो. त्याच्या खुर्चीवरून ते चूकही नाही. उपाशी माणसांवर काठी चालवल्याचा ठपका त्याला नको असतो.

म्हणून आधी मजुरीबद्दल बोलू. इथे तुम्हाला माझं म्हणणं कदाचित आवडणार नाही.

बांधकामात मजुरी कशी फिरते ते तुम्ही जाणताच. माणसाला आठवड्याला खर्ची मिळते, किराण्यापुरती. उरलेले पैसे ठेकेदाराकडे जमा राहतात आणि गावी जाताना किंवा काम संपताना हिशोब होतो. म्हणजे ठेकेदार परागंदा होतो तेव्हा माणसाची एका आठवड्याची मजुरी बुडत नाही, त्याची तीन-चार महिन्यांची बचत बुडते. तुमच्या गेटवर बसलेल्या माणसाच्या डोक्यात बहिणीचं लग्न किंवा घराचं छप्पर आहे. तो चिडलेला असणारच.

तुम्ही लिहिलंय, 'मी ठेकेदाराला पूर्ण पैसे दिलेत, पावत्या आहेत.' ठेकेदाराविरुद्ध वसुली करताना त्या पावत्या उपयोगी पडतील. कामगारासमोर त्या चालत नाहीत. कंत्राटी कामगारांच्या १९७० च्या कायद्यात कलम २१(४) होतं: ठेकेदाराने मजुरी दिली नाही किंवा कमी दिली, तर मुख्य मालकाने (ज्याचं काम चाललंय त्याने, म्हणजे इथे तुम्ही) ती द्यायची आणि ठेकेदाराकडून वसूल करायची. २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार कामगार संहिता लागू झाल्या. त्यातल्या व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कामाच्या परिस्थिती संहितेत कलम ५५ मध्ये हीच जबाबदारी तशीच आली आहे. तो भाग पन्नास किंवा अधिक कंत्राटी कामगार असतील तिथे लागू होतो, तुमच्याकडे साठ आहेत. पन्नासच्या आत असते तरी सुटका नव्हती, कारण वेतन संहितेच्या कलम ४३ प्रमाणे कामावर ठेवणाऱ्याने (इथे ठेकेदाराने) मजुरी दिली नाही तर आस्थापनेच्या मालकावर जबाबदारी येते. कामगाराला मागणीसाठी तीन वर्षांची मुदत आहे.

न्यायालयांची या विषयातली दृष्टी फार जुनी आणि पक्की आहे. १९८२ च्या आशियाई खेळांसाठी दिल्लीत स्टेडियम आणि उड्डाणपूल उभे राहत होते, तिथल्या मजुरांचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. किमान वेतनापेक्षा कमी पैशात राबवून घेणं म्हणजे घटनेच्या कलम २३ मधली सक्तीची मजुरी, असं न्यायालयाने त्यात म्हटलं. कामं ठेकेदारांकडे होती म्हणून मुख्य मालकांना हात वर करता येत नाहीत, हेही सांगितलं. त्यामुळे मजुरी थकलेली असताना बिल्डर संरक्षण मागायला आला, तर न्यायाधीशांचा पहिला प्रश्न 'यांचे पैसे दिलेत का?' हाच असतो. मी त्या प्रश्नासमोर तयारीशिवाय एकदाच उभा राहिलो. पुन्हा तशी वेळ येऊ दिली नाही.

आणखी एक गैरसमज दूर करतो. पोलीस येऊन कामगारांना कामावर चढवतील, असं तुमच्या लिहिण्यावरून वाटतं. ते कधीच होणार नाही, आणि होऊही नये. संपाला औद्योगिक संबंध संहितेप्रमाणे चौदा दिवसांची नोटीस लागते. ती दिली नसेल तर संप बेकायदा ठरू शकतो, पण त्याचं उत्तर कामगार खात्यात आणि न्यायाधिकरणात आहे. बेकायदा संपावरच्या माणसालाही पकडून कामाला जुंपता येत नाही. गेटबाहेर रस्ता न अडवता बसणं, घोषणा देणं, दुसऱ्याला समजावणं, हे सगळं त्यांनी करावं. तुमच्या आवारात घुसून सभा घेण्याचा हक्क मात्र त्यांना नाही, तेही सर्वोच्च न्यायालयाने १९६९ मध्येच स्पष्ट केलंय.

आता मिक्सर. इथे तुमची बाजू भक्कम आहे, पण तक्रार फार कच्ची झालीय. तुम्ही अर्जाचा मजकूर दिलाय: 'काही समाजकंटक व कामगार संगनमताने आमचे काम बंद पाडत असून आमचे लाखोंचे नुकसान होत आहे, तरी संरक्षण मिळावे.' या वाक्यात पोलिसाला पकडता येईल अशी एकही गोष्ट नाही. कोणी, किती वाजता, काय केलं? कामगार आणि बाहेरचे एकाच ओळीत बसवल्यामुळे तर तुम्ही स्वतःच तो मजुरीचा वाद करून टाकलात.

तयार काँक्रीट गाडीत भरल्यापासून साधारण दोन तासांत ओतावं लागतं. प्लांटच्या चलनावर, म्हणजे गाडीसोबत येणाऱ्या पावतीवर, गाडी भरल्याची वेळ असते. तुमच्या गेट रजिस्टरवर गाडी पोचल्याची वेळ असते. ड्रायव्हर जबाब देऊ शकतो. मग तक्रार अशी लिहिता येते: अमुक तारखेला अमुक नंबरची गाडी इतक्या वाजता भरली, इतक्या वाजता गेटवर आली. तपकिरी शर्ट घातलेला, साधारण तिशीचा, फुटेजमध्ये दिसणारा इसम गाडीसमोर आडवा झाला. दुसऱ्याने ड्रायव्हरच्या बाजूचा दरवाजा धरून 'खाली उतरलास तर पाय मोडीन' असं म्हटलं. तिसऱ्याने सुपरवायझरकडे प्रत्येक गाडीमागे इतके रुपये मागितले. इतक्या वाजता माल घट्ट होऊ लागला म्हणून गाडी परत पाठवली. हे सगळे कामगार नाहीत, आमच्या हजेरीवर यांची नावं नाहीत. सोबत चलन, फुटेज, ड्रायव्हरचं नाव. अर्थात प्रत्यक्ष जे घडलं तेवढंच लिहा. एक शब्द वाढवलात आणि फुटेजमध्ये तो दिसला नाही, की सगळी तक्रार लंगडी पडते.

अशी तक्रार वाचली की भारतीय न्याय संहितेची कलमं आपोआप समोर येतात. वाट अडवणं १२६, खंडणी आणि त्यासाठी भीती घालणं ३०८, धमकी ३५१, मालाचं नुकसान ३२४, पाच किंवा जास्त माणसांचा बेकायदा जमाव १८९. सगळी लागतीलच असं नाही, ते तपशिलावर आहे. पण दखलपात्र गुन्हा दिसत असेल तर एफआयआर नोंदवणं पोलिसांना बंधनकारक आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने ललिता कुमारी प्रकरणात २०१३ मध्ये सांगितलंय. तीन ते सात वर्षांच्या आतली शिक्षा असेल तर नव्या नागरिक सुरक्षा संहितेत (फौजदारी प्रक्रियेच्या कायद्यात) चौदा दिवसांच्या प्राथमिक चौकशीची सोय आहे, तेवढा वेळ ते घेऊ शकतात. ठाण्यात घेतलं नाही तर कलम १७३(४) प्रमाणे वरिष्ठ अधिकाऱ्याला पोस्टाने पाठवा. तिथेही हाललं नाही तर १७५(३) खाली प्रतिज्ञापत्रासह दंडाधिकाऱ्यांकडे जा. आणि प्रसंग घडत असताना ११२ ला फोन करा. त्या फोनची नोंद राहते आणि नंतर 'आम्हाला कळवलंच नाही' असं कोणी म्हणू शकत नाही.

गाडी तुमच्याच कामगारांनी अडवली असती तर मी काय सांगितलं असतं? कायद्याने तक्रार तेव्हाही होते. पण चार महिने न मिळालेल्या पैशासाठी आडवा झालेल्या माणसावर, त्याने कोणाला इजा केली नसेल तर, मी गुन्हा नोंदवायला सांगत नाही. तो गुन्हा त्याचं आयुष्य पोखरतो आणि तुमचा स्लॅब त्याने एक दिवसही लवकर भरत नाही.

बंदोबस्ताचा अर्ज ही वेगळी गोष्ट आहे आणि तो वेगळ्या कागदावर करा. महाराष्ट्र पोलीस अधिनियम १९५१ च्या कलम ४७ खाली कोणीही व्यक्ती शांतता राखण्यासाठी जादा पोलीस मागू शकते. अर्ज आयुक्तालयाच्या हद्दीत पोलीस आयुक्तांकडे, ग्रामीण भागात जिल्हा पोलीस अधीक्षकांकडे. प्रत ठाण्यात द्यायची. खर्च अर्जदाराने भरायचा, हे कलमातच आहे, म्हणून त्याला सशुल्क बंदोबस्त म्हणतात. पुढच्या कलमात, म्हणजे ४८ मध्ये, मोठ्या कामांवर किंवा तिथे राबणाऱ्यांच्या वागण्यामुळे गडबडीची भीती असेल तर शासन स्वतःहून जादा पोलीस नेमू शकतं, आणि तोही खर्च काम करणाऱ्याकडून घेतला जातो. पण घडलेल्या गुन्ह्याचा तपास आणि ११२ वर येणारी गाडी यांचे पैसे लागत नाहीत. कोणी मागत असेल तर लेखी मागा.

बंदोबस्त महिनाभरासाठी मागू नका. मिळणार नाही, मिळाला तरी परवडणार नाही. तारीख आणि तास मागा: अमुक दिवशी सकाळी सहापासून पाचव्या स्लॅबचं काँक्रीट संपेपर्यंत, इतक्या गाड्या, या रस्त्याने. मनुष्यबळ कमी असलेल्या अधिकाऱ्याला अशी मागणी मान्य करणं सोपं जातं. सण, मिरवणूक, निवडणुकीचा आठवडा टाळून तारीख घ्या.

हायकोर्टाचं सांगतो. घटनेच्या कलम २२६ खाली, पोलीस आपलं कर्तव्य करत नाहीत म्हणून रिट करता येते. १९६७ मध्ये पश्चिम बंगालच्या सरकारने परिपत्रक काढून, घेरावात पोलिसांनी पडण्याआधी कामगारमंत्र्यांना कळवावं असा दंडक घातला होता. कलकत्ता हायकोर्टाने जय इंजिनिअरिंग प्रकरणात तो बेकायदा ठरवला. कामगार चळवळीच्या नावाखाली घडला तरी गुन्हा हा गुन्हाच आणि पोलिसांना त्यासाठी कोणाची परवानगी लागत नाही, हा त्याचा गाभा. तत्त्व तुमच्या बाजूने आहे. पण व्यवहारात मिळणारा आदेश बहुतेक असा असतो: पोलिसांनी अर्जाचा विचार करावा, कायदा-सुव्यवस्थेचा प्रश्न उभा राहिला तर कारवाई करावी, कामगारांच्या शांततामय आंदोलनाला बाधा येऊ नये. आणि खालच्या पायऱ्या न चढता आलात तर परत पाठवतात. म्हणून ठाण्याची पोच, वरिष्ठांना पाठवलेल्या अर्जाची पोच आणि मजुरी चुकवल्याचा पुरावा, हे तीन कागद हातात नसतील तर फीचे पैसे वाया घालवू नका. गेटपासून ठरावीक अंतर ठेवून निदर्शनं करावीत असा मनाई हुकूम दिवाणी न्यायालयातूनही मिळतो, मात्र त्यासाठी माणसांची नावं लागतात.

बाहेरच्या पोरांनी मागितलेल्या पैशाला तुम्ही 'वाराई', म्हणजे माल चढवण्या-उतरवण्याची मजुरी, म्हटलंय. या शब्दाची मला काळजी वाटते, कारण त्यामागे एक खरा हक्क आहे. अण्णासाहेब पाटलांच्या नेतृत्वाखाली हमाल-माथाड्यांनी लढून १९६९ चा माथाडी कायदा मिळवला. नोंदणी, मंडळामार्फत मजुरी, भविष्य निर्वाह निधी, हे त्या कायद्याने ओझं वाहणाऱ्या माणसाला दिलं. खरा माथाडी कामगार मंडळात नोंदलेला असतो, त्याची मजुरी मंडळात भरली जाते, पावती मिळते. कुणी ओझं न उचलता, पावती न देता, गेटवर रोख मागत असेल तर तो माथाडी नाही. केरळात याच प्रकाराला 'नोक्कुकूली' म्हणतात, नुसतं बघत उभं राहण्याची मजुरी. तिथल्या सरकारने १ मे २०१८ पासून ती बंद केली, आणि तिथलं हायकोर्ट तिच्याकडे खंडणी म्हणून बघा असं पोलिसांना सांगतं. तुमच्या गेटवर काय आहे ते एका प्रश्नात कळेल: नोंदणी दाखवा, पैसे मंडळात भरतो. एकदा रोख दिलेत की पुढच्या प्रत्येक गाडीला द्याल, आणि खंडणीची तक्रारही कमकुवत कराल. फलक लावणाऱ्या संघटनेलाही लेखी पत्र द्या: तुमचे सभासद कोण, यादी द्या, चर्चेला बसा. खरी संघटना असेल तर यादी घेऊन येते आणि अशा संघटनेशी बसून बोलणं हा सगळ्यात स्वस्त बंदोबस्त आहे.

दोन गोष्टी अजिबात करू नका. बाउन्सर आणू नका. सुरक्षा रक्षक हवेत तर २००५ च्या कायद्याखाली परवाना असलेल्या एजन्सीचे घ्या. माझ्या एका अशिलाने आठ दांडगे आणून बसवले, दुसऱ्या दिवशी हाणामारी झाली, दोन्हीकडून गुन्हे नोंदले गेले आणि स्लॅबचं राहिलं बाजूला, त्याचे सहा महिने जामिनात गेले. आणि लेबर कॅम्पचं पाणी किंवा वीज तोडू नका. तिथे बायका-पोरं राहतात. ते केलंत तर कोणतंही न्यायालय तुमच्याकडे पाहणार नाही, आणि मीही उभा राहणार नाही.

मग करायचं काय, ते एका प्रकरणावरून सांगतो. काही वर्षांपूर्वी असाच ठेकेदार पळाला. मी बिल्डरला आधी मुकादमाची हजेरीवही मागवायला लावली. तिच्यात ५१ नावं. साइटच्या गेट रजिस्टरवर ४३. बिल्डर म्हणाला, आठ नावं बोगस आहेत. मुकादमाला बसवून विचारलं, तर ते आठ जण महिन्यापूर्वी गावी गेले होते आणि त्यांचाही हिशोब राहिला होता. मग हजेरी ओळीओळीने लावली: पूर्ण, अर्धी, रात्रीच्या स्लॅबची दीड. दिलेली खर्ची वजा केली, घेतलेली उचल वजा केली. सरकारी कामगार अधिकाऱ्यांना पत्र देऊन बोलावलं. पार्किंगच्या मजल्यावर टेबल टाकलं, नाव पुकारायचं, आकडा मोठ्याने वाचायचा, पटला तर सही किंवा अंगठा, पैसे त्याच वेळी बँकेतून. गावी गेलेल्या आठांना फोनवर आकडा सांगितला आणि त्यांच्या खात्यात टाकले. दोघातिघांचा आकडा जुळला नाही, तेवढा वाद लेखी ठेवून बाकीची रक्कम दिली. संध्याकाळ झाली त्याला. शेवटचा माणूस सही करून उठला तेव्हा मुकादमानेच विचारलं, 'साहेब, गाड्या कधी मागवताय?'

बाहेरची टोळी दुसऱ्या दिवशीही आली. पण आता त्यांच्या मागे कोणी बसलेलं नव्हतं. त्या भरणा पत्रकाची प्रत आणि नव्याने लिहिलेली तक्रार घेऊन आम्ही ठाण्यात गेलो, तेव्हा त्याच निरीक्षकांनी गुन्हा नोंदवून घेतला. स्लॅबच्या रात्री दोन शिपाई पंपाजवळ खुर्च्या टाकून बसले होते.

ती रक्कम बिल्डरने ठेकेदाराच्या चालू बिलातून आणि राखून ठेवलेल्या रिटेन्शनमधून वळती केली. उरलेल्यासाठी दावा केला. तुमच्या करारात ही वजावटीची अट आहे का, ते मला कळवा. संहितेतच वसुलीचा हक्क असल्याने अट नसली तरी तो जात नाही, पण असली तर काम सोपं होतं.

तुमच्या बाबतीत मला अजून तीन गोष्टी माहीत नाहीत आणि त्यावर बरंच अवलंबून आहे: ठेकेदाराकडे परवाना होता का, कामगारांची बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळात नोंदणी आहे का, आणि तुम्ही आजवर त्या पोरांना काही रोख दिलंय का. तिसऱ्याचं उत्तर हो असेल तर लाजू नका, तुमच्या वकिलाला आधी सांगा. आणि मुकादम साइटवर असेल तर आजच्या आज त्याच्या हजेरीवहीच्या प्रत्येक पानाचा फोटो काढून घ्या. अशा वेळी सगळ्यात आधी नाहीशी होते ती वहीच.